रकाना अकरावा

अपघाताचे कारण.
अकराव्या रकान्यात दीड ओळीची जागा असते.
बावीस वर्षं त्यात मी एकच वाक्य बसवत आलो:
'चालकाने आपल्या ताब्यातील वाहन
भरधाव वेगाने, हयगयीने, अविचाराने चालवून'
पुढचं हात लिहितो, मला न विचारता.

त्या रात्री तामसवाडी फाट्यावर
केळी रस्ताभर, हिरवी,
सुरतेला जाऊन पिकणार होती ती.
आणि कापूस. फुटलेल्या ट्रॉलीतून उडून
बाभळींवर जाऊन बसलेला.
पंच म्हणून हिलाल महाजन आला, पानटपरी बंद करून.
टेपचं एक टोक त्याच्या हातात दिलं.
टायर घासल्याच्या खुणा: नाहीत.

नाहीत म्हणजे ब्रेक लागलाच नाही.
ब्रेक लागला नाही म्हणजे पुढचं दिसलंच नाही,
किंवा बघायला डोळे उघडे नव्हते.
ट्रकवाला सावद्याचा, चोवीस वर्षांचा,
सलग दुसरी रात्र.
डॅशबोर्डवर हिरव्या मिरच्या,
झोप आली की चावायच्या.
दोन्ही पाय केबिनमध्ये अडकलेले, आणि विचारत होता,
"साहेब, माल उतरवला का?"

ट्रॉलीला मागे दिवा नाही.
मालक म्हणाला, "रेडियम लावनं व्हतं, राही गयं."
खांब उभे आहेत, जोडणी बाकी.
दुभाजक फोडलेला, ढाब्यावर गाड्या वळाव्यात म्हणून,
त्याच ढाब्यावर मीही चहा पितो,
फुकट.

कापसावर झोपून चाललेला निंबा उखा भिल,
वय चौतीस, जागीच.

मी त्या दिवशी सगळं लिहिलं.
मिरच्या, खांब, दुभाजक, चहासुद्धा.
अक्षर बारीक करत समासात शिरलो,
तिथून बाराव्या रकान्यात.
कागद परत आला. लाल शाईत शेरा:
'रकान्यापुरते लिहावे.'
मी नवा फॉर्म घेतला.
भरधाव, हयगयीने, अविचाराने.
दीड ओळीत बसलं.

तिसऱ्या दिवशी कोकिळाबाई आली कागदांसाठी,
पदराला नवऱ्याचं आधार कार्ड बांधलेलं.
मला वाटलं, विचारेल चूक कोणाची,
उत्तर तयार ठेवलं होतं.
तिने विचारलं,
"त्या दिननी मजुरी कोनाजोडे मांगू?"

यालाही रकाना नाही.

जळगावहून रेडियमचा रोल आणला, लाल,
तीनशे ऐंशी रुपये, माझे.
बाजाराच्या दिवशी कात्री घेऊन उभा राहिलो
तर निम्मी ट्रॅक्टरं मागच्या गल्लीने पळाली,
पावती फाडतोय समजून.
उरलेल्यांना लावल्या.
ट्रॉल्यांना, उसाच्या गाडीला,
एका आजीच्या दुधाच्या कॅनला.
सुपडू कोळी बैलगाडी थांबवून म्हणाला,
"बैलले बी लाव भो, रातले तोच पुढे चालस."
लोक हसले. मीही.
मग खरंच, चार शिंगांना चार पट्ट्या.

पौषात एकदा ड्यूटी संपवून निघालो.
धुकं होतं. हेल्मेट होतं, हँडलला लटकवलेलं.
मुलीचा वाढदिवस, केक दुकानातून घ्यायचा,
दुकान साडेनऊला बंद.
फाट्याजवळ, फोडलेल्या दुभाजकातून
माणसाच्या उंचीवर
लाल ठिणग्या डुलत आडव्या चाललेल्या,
दोन, मग चार.

सुपडूने काठी वर केली,
"कोन शे रे?"
मी काही बोललो नाही.
बैलाचा श्वास मला चष्म्यावर दिसत होता.

चालक: मी.
वेग: खरं लिहायचं तर सत्तर.
टायर घासल्याच्या खुणा: आहेत.
टेप नव्हती, पावलांनी मोजल्या.
सतरा.